प्रतिवादी क्रमांक पाच

तालुका कोर्टाचा बेलीफ आला तेव्हा मी अंगणवाडीत मुलांचे हात धूत होते. सप्टेंबर २०२३, गणपती बसायला आठवडा राहिला होता. खिचडी उतरवून झाली होती, मदतनीस मावशी ताटल्या मांडत होत्या. त्यानं दारातूनच माझं पूर्ण नाव विचारलं, सासरच्या आडनावासकट. या गावात मला त्या नावानं कुणी हाक मारत नाही, म्हणून क्षणभर माझ्याही लक्षात आलं नाही की तो मलाच विचारतोय. ओले हात पदराला पुसून सही केली. पाकीट जाड होतं. मुलं जेवून घरी जाईपर्यंत ते मी उघडलं नाही.

आत मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात दाखल झालेली रिट याचिका होती, झेरॉक्सची साठेक पानं, सगळी इंग्रजीत. पहिल्या पानावर प्रतिवादींची नावं ओळीनं होती. पहिला महाराष्ट्र शासन, मग एकात्मिक बालविकास सेवा योजनेचे आयुक्त, मग जिल्हा परिषद, चौथे बालविकास प्रकल्प अधिकारी. पाचवी मी. संध्याकाळी जिल्हा परिषद शाळेतल्या गुरुजींनी पानं वाचून अर्थ सांगितला. सगळ्या साठ पानांचं सार एका वाक्यात होतं: प्रतिवादी क्रमांक पाच ही या गावची स्थानिक रहिवासी नाही, म्हणून अंगणवाडी सेविका म्हणून तिची झालेली निवड रद्द करावी.

ज्या ओट्यावर बसून ते वाक्य ऐकलं, त्या ओट्याच्या मागच्या खोलीत माझा जन्म झालाय.

हे सगळं मी आज, दीड वर्षानं, लिहायला बसले आहे. फेब्रुवारी २०२५ मध्ये राज्यात सेविका आणि मदतनिसांच्या १८,८८२ जागांची भरती निघाली आणि ओळखीतल्या, ओळखीबाहेरच्या बायकांचे फोन सुरू झाले. ताई, माझं रेशन कार्ड सासरी आहे, चालेल का? ताई, हरकत कुठं द्यायची? ताई, कोर्टात गेलं तर किती लागतात? प्रत्येकीला अर्धा तास सांगण्यापेक्षा एकदा सगळं लिहून ठेवते.

आधी माझं सांगते. माझं लग्न २००८ साली झालं, सासर इथून सत्तर किलोमीटरवर, दुसऱ्या तालुक्यात. मालक टेम्पो चालवायचे. एप्रिल २०२१ मध्ये, कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत, नऊ दिवसांत ते गेले. जूनमध्ये मी मुलीला घेऊन माहेरी आले. ती तेव्हा नऊ वर्षांची होती. सासरच्यांनी हाकलून दिलं असं मी म्हणणार नाही. पण दिराचा संसार, दोन खोल्या आणि कर्जाचे हप्ते, यात आम्हा दोघींना जागा उरली नव्हती. इकडे वडील एकटे होते, आई दोन वर्षांपूर्वीच गेलेली, भाऊ चाकणला कंपनीत. मुलीचं नाव इथल्या शाळेत घातलं आणि मी कापूस वेचायला, खुरपायला जाऊ लागले. बी.ए. झालेली बाई खुरपायला येते म्हणून पहिल्या दिवशी बायका थोड्या गप्प होत्या, दुसऱ्या दिवसापासून त्यांना सवय झाली.

मी आले, पण माझे कागद एकेक करून आले. आधार कार्डावरचा पत्ता बदलला नोव्हेंबर २०२२ मध्ये. मतदार यादीत नाव सासरीच राहिलं. रेशन कार्डाचं तर विचारूच नका. तिकडून नाव कमी केल्याचा दाखला आणल्याशिवाय इथल्या कार्डावर नाव चढत नाही, आणि कार्ड सासूबाईंच्या नावावर. मी तीनदा गेले. तिन्ही वेळा त्यांनी चहा केला, नातीचं विचारलं, आणि कागद पुढे केला की उठून आत गेल्या. त्यांचा राग नव्हता. मुलगा तर गेला, आता त्याच्या बायकोचं आणि लेकीचं नावही आपल्याच हातानं खोडायचं, हे त्यांच्यानं होत नव्हतं. मलाही चौथ्यांदा जाववलं नाही. त्या न झालेल्या सहीची झेरॉक्स पुढे याचिकेला परिशिष्ट म्हणून जोडलेली होती.

मे २०२३ मध्ये आमच्या अंगणवाडीची जागा निघाली. बाहेरच्या माणसाला वाटेल, दहा हजार मानधनाच्या कामासाठी कुणी हायकोर्टात कशाला जाईल. (तेव्हा सेविकेला दहा हजार होते, त्याच वर्षी ८,३२५ वरून वाढलेले. ऑक्टोबर २०२४ पासून तेरा हजार झाले.) पण गावात राहून पाहा. साधारण चारशे ते आठशे लोकवस्तीमागे एक अंगणवाडी, आणि अंगणवाडीत सेविका एकच. ती एकदा लागली की पंचवीस-तीस वर्षं जागा नाही. आमच्या आधीच्या बाईंच्या हाताखाली मी स्वतः पाटी गिरवलेली आहे. बारावी झालेल्या, गाव सोडून जाता न येणाऱ्या बाईसाठी घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर दर महिन्याला ठरलेली रक्कम देणारं दुसरं काम आमच्या गावात नाही. एका जागेला अकरा अर्ज आले होते.

निवड कशी होते तेही सांगते, कारण फोन करणाऱ्या अर्ध्या बायकांना वाटतं की मुलाखत असते आणि तिथं ओळख लागते. २ फेब्रुवारी २०२३ च्या शासन निर्णयानंतर सगळं कागदावरच्या गुणांवर आहे. बाई बारावी पास हवी, त्या महसुली गावची स्थानिक रहिवासी हवी, वय अठरा ते पस्तीस, विधवांना चाळीसपर्यंत सूट, आणि दोनपेक्षा जास्त हयात अपत्यं नकोत. बारावीच्या गुणांचा वाटा मोठा, त्यावर पदवी, डी.एड., बी.एड., एमएस-सीआयटी यांचे थोडे थोडे गुण. विधवा आणि अनाथ मुलींना जादा गुण, राखीव प्रवर्गांना आणि अनुभवालाही जादा गुण. आधी प्राथमिक गुणवत्ता यादी लागते, हरकती मागवतात, मग अंतिम यादी. माझं वय तेव्हा सदतीस. विधवा नसते तर अर्जच करता आला नसता.

यादीत मी पहिली होते, दुसरीपेक्षा सव्वातीन गुणांनी पुढे. विधवा म्हणून मिळालेले गुण वजा केले तर ती दुसरी पहिली येत होती. 'नवऱ्याच्या मरणावर मार्क मिळवले' हे वाक्य मी त्या उन्हाळ्यात दोनदा ऐकलं, एकदा पिठाच्या गिरणीत आणि एकदा चुलतभावाच्या घरात. आधाराची गरज असलेल्या बाईला शासनानं आधी उभं करावं यासाठीच ते गुण आहेत. मी ते हातात धरले याची मला लाज वाटत नाही.

दुसरी आली ती माझी भावजय लागते. सख्खी नाही. पण मी गावची लेक आणि ती गावची सून, म्हणजे मी तिला वहिनी म्हणते आणि ती मला आक्का. माझ्याहून दहा वर्षांनी लहान, हुशार, बारावीला माझ्यापेक्षा जास्त गुण. तिचा नवरा रोजंदारीवर. पदरात एक मुलगा, तेव्हा तीन वर्षांचा, म्हणजे माझ्याच अंगणवाडीचा लाभार्थी.

तिनं वेळेत हरकत दिली. हरकतीत लिहिलं की हिचं रेशन कार्ड इथं नाही, मतदार यादीत नाव नाही, लग्न होऊन गेलेली बाई स्थानिक कशी? कार्यालयानं काय करायला हवं होतं? आम्हा दोघींना बोलवायचं, कागद समोर ठेवायचे, पंचनामा करायचा असेल तर करायचा, आणि का मान्य किंवा का अमान्य ते लिहून द्यायचं. तिला मिळालं एका ओळीचं पत्र: आपली हरकत अमान्य करण्यात येत आहे. कारण दिलेलं नाही, सुनावणी झालेली नाही. मला तर हरकत आली होती हेच याचिका वाचल्यावर कळलं. जुलैत माझा नियुक्ती आदेश निघाला आणि ऑगस्टमध्ये ती औरंगाबादला गेली.

त्या एका ओळीच्या जागी पाच ओळी लिहिल्या असत्या तर पुढचं वर्ष वाचलं असतं, असं मी तेव्हाही म्हणत होते आणि आजही म्हणते. कारणं लिहायला अर्धा तास लागतो. तो अर्धा तास कुणी दिला नाही म्हणून एका घरानं कर्ज काढलं आणि दुसऱ्यानं दागिना मोडला.

मी वकील गाठला तो ओळखीच्या ओळखीनं. जालना रोडवर खंडपीठाच्या समोरच्या बाजूला दुसऱ्या मजल्यावर ऑफिस. शहराचं नाव त्याच वर्षी सरकारी कागदावर छत्रपती संभाजीनगर झालं, पण याचिकेवर आजही औरंगाबाद खंडपीठच असतं. वकील बाई माझ्याच वयाच्या होत्या. मी पहिला प्रश्न विचारला तो बावळटच वाटेल, पण खरा होता: मी सरकारी नोकर नाही, मानधनावर आहे, असं सगळे सांगतात. मग माझ्यासाठी थेट हायकोर्ट का?

त्यांनी जे समजावलं ते मला पहिल्यांदा कळत होतं. सरकारी नोकरीचा वाद असता तर तो आधी मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात गेला असता. पण २००६ मध्ये कर्नाटकातल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की अंगणवाडी सेविका 'नागरी पद' धारण करत नाहीत, त्यामुळे असं न्यायाधिकरण त्यांचा वाद ऐकू शकत नाही. मग राहतो तो संविधानाच्या अनुच्छेद २२६ खालचा रस्ता, उच्च न्यायालयाचा. पद नागरी नसलं तरी निवड शासनच करतं, आणि शासनाला कुणाशीही मनमानी करता येत नाही, समानतेचा अनुच्छेद १४ तिथंही लागू असतो. म्हणून गावातल्या पाटीपेन्सिलीच्या जागेचा निकाल दोन न्यायमूर्तींच्या समोर होतो.

हे मला फार लागलं. पगार, पेन्शन मागायला गेलं की आम्ही कर्मचारी नाही. आणि निवडीवर वाद झाला की गावातून दीडशे किलोमीटरवर, इंग्रजी कागद घेऊन उभं राहायचं. १९७५ च्या २ ऑक्टोबरला देशात ३३ प्रकल्पांनी ही योजना सुरू झाली, त्यात आपल्याकडचे धारणी आणि धारावी होते. तेव्हापासून बाईनं गावासाठी वेळ द्यायचा आणि शासनानं तिला मान द्यायचा, म्हणून मानधन. पण बाळंतीण, गरोदर, सहा वर्षांखालचं प्रत्येक मूल, लसीकरणाचा दिवस, पोषण आहार, पूर्वशालेय शिक्षण, दर महिन्याचं वजन-उंची, मोबाइलवरच्या पोषण ट्रॅकर अ‍ॅपमधली नोंद, हे सगळं वेळ मिळाला तर करायचं काम नाही. एप्रिल २०२२ मध्ये न्या. अजय रस्तोगी आणि न्या. अभय ओक यांच्या पीठानं गुजरातमधल्या प्रकरणात सेविका-मदतनिसांना ग्रॅच्युइटीचा, म्हणजे काम सोडताना मिळणाऱ्या एकरकमी पैशाचा, कायदा लागू होतो असा निकाल दिला, तेव्हा निदान एवढं तरी मान्य झालं की हे काम आहे आणि त्याचा मोबदला वेतन आहे.

वकील बाईंनी आणखी दोन गोष्टी सांगितल्या. त्या मला उशिरा कळल्या, तुम्हाला वेळेत कळाव्यात. एक, आपल्या निवडीवर कुणी कोर्टात जाणार अशी कुणकुण लागली तर आधीच कॅव्हेट दाखल करता येतं, म्हणजे आपलं ऐकून घेतल्याशिवाय स्थगिती मिळत नाही. ते नव्वद दिवस चालतं. दुसरी, आणि मोठी. विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे, उत्पन्न कितीही असो. हायकोर्टातही विधी सेवा समिती असते, तालुका कोर्टातही असते. मी तोपर्यंत मुलीच्या कानातलं मोडून आले होते. वहिनीनं बचत गटातून वीस हजार उचलले होते, हे मला नंतर समजलं. आम्हा दोघींनाही हा हक्क होता आणि दोघींनाही कुणी सांगितलं नव्हतं.

पहिल्या तारखेला कोर्टानं माझ्या नेमणुकीला स्थगिती दिली नाही, पण नेमणूक याचिकेच्या निकालाच्या अधीन राहील असं म्हटलं. 'अधीन राहील' हे दोन शब्द काय असतात ते त्यात राहिलेल्या माणसालाच माहीत. मी रोज दहाला अंगणवाडी उघडायचे, मुलांना 'ये गं गाई गोठ्यात' शिकवायचे, आणि भिंतीवर नवा तक्ता लावावा की नको याचा विचार करायचे.

त्यात ४ डिसेंबर २०२३ पासून राज्यभरातल्या सेविका-मदतनिसांचा संप सुरू झाला. मानधनवाढ, ग्रॅच्युइटी, पेन्शन. मी नवी, त्यात डोक्यावर केस. वडील म्हणाले, तू यात पडू नको, आयतंच कारण मिळेल त्यांना. संपात गेलेल्यांना सेवासमाप्तीच्या नोटिसा निघत होत्या. मी दोन रात्री झोपले नाही आणि तिसऱ्या दिवशी आमच्या बीटमधल्या, म्हणजे एका पर्यवेक्षिकेखालच्या अंगणवाड्यांमधल्या, बायकांबरोबर कुलूप लावलं. ज्या बाईंनी मला अहवाल भरायला शिकवलं, त्यांच्या तीस वर्षांच्या नोकरीनंतर त्यांना पेन्शन नसताना मी केंद्र उघडून बसणं मला जमलं नसतं. जानेवारीच्या शेवटी संप मिटला. केंद्र उघडलं त्या दिवशी सगळ्यात आधी वहिनीच्या सासूबाई नातवाला घेऊन आल्या. वहिनी स्वतः वर्षभर अंगणवाडीची पायरी चढली नाही, पण मुलाला तिनं एक दिवस घरी ठेवलं नाही. ही गोष्ट मी तिच्या नावावर लिहून ठेवते.

फेब्रुवारी २०२४ मध्ये याचिका अंतिम सुनावणीला लागली. वकील बाई म्हणाल्या, यायची गरज नाही, पण मी गेले. सकाळी बोर्डावर, म्हणजे त्या दिवसाच्या केसेसच्या यादीत, आमचा नंबर चौतीस. साडेचारला पुकारा झाला. दहा मिनिटंही लागली नसतील. तिच्या वकिलानं रेशन कार्ड वाचून दाखवलं. माझ्या वकील बाईंनी मुलीचा शाळेतल्या जनरल रजिस्टरचा उतारा दाखवला, जून २०२१ मधला प्रवेश, पत्ता याच गावचा. मग त्यांनी सांगितलं की स्थानिक रहिवासी म्हणजे जिथं बाई खरोखर राहते ते ठिकाण, लग्नानं कायमचं ठरलेलं ठिकाण नव्हे. त्याच सुमारास राजस्थान उच्च न्यायालयाचा निकाल आला होता. तिथं अंगणवाडीसाठी बाई विवाहितच हवी अशी अट होती, कारण अविवाहित मुलगी लग्न करून गाव सोडेल. न्यायालयानं ती अट संविधानाच्या विरुद्ध ठरवली. ते ऐकताना मला वाटलं, तिकडे लग्न झालं नाही म्हणून बाई गावची नाही आणि इकडे लग्न झालं म्हणून गावची नाही. मग ती कुठली?

न्यायालयानं त्या प्रश्नात हात घातला नाही. कोण कुठं राहतं हा वस्तुस्थितीचा प्रश्न आहे, तो कागद आणि साक्ष पाहून कार्यालयानं ठरवायचा. न्यायालयानं एवढंच पाहिलं की हरकतीवर निर्णय कसा झाला. ते एका ओळीचं पत्र समोर आलं आणि सरकारी वकिलांना त्याच्या बाजूनं सांगण्यासारखं काही नव्हतं. पत्र रद्द झालं. दोघींना नोटीस देऊन, म्हणणं ऐकून, कारणांसह नवा निर्णय आठ आठवड्यांत द्यावा, तोपर्यंत माझी नेमणूक आहे तशी राहील, असा आदेश झाला.

बाहेर व्हरांड्यात मी रडले. मला वाटलं मी हरले. वकील बाईंनी पाणी दिलं आणि म्हणाल्या, 'अहो, तुम्हाला तरी कुठं ऐकलं होतं त्यांनी? आता तुमचंही ऐकावं लागेल.' मला ते पटायला बसच्या प्रवासाचे तीन तास लागले. वहिनीची याचिका माझ्याविरुद्ध होती. पण त्यातली एक मागणी, मला विचारा आणि कारण सांगा, ही खरी होती. तिच्या जागी मी असते तर मीही गेले असते.

आठ आठवड्यांचे सोळा झाले. मार्चच्या मध्यावर लोकसभेची आचारसंहिता लागली, अधिकारी निवडणुकीच्या कामाला. मुदत वाढवून घेतली. जूनमध्ये सुनावणीची तारीख आली, सकाळी अकरा, जिल्ह्याच्या ठिकाणी. वेळेवर पोचवणारी आमच्या गावातून एकच एसटी आहे, पावणेसातची. मी फाट्यावर गेले तर वहिनी तिथं उभी. कडेवर मुलगा, काखेत प्लॅस्टिकची फाइल. माझ्याही काखेत तसलीच फाइल, दोघींनी एकाच दुकानातून घेतलेली असणार. बस भरलेली होती. जागा मिळाली ती शेजारी शेजारी.

पाऊण तास कुणी बोललं नाही. घाटात पोराला उलटी झाली. माझ्या पिशवीत लिंबू होतं, अंगणवाडीच्या सहलीच्या सवयीनं ठेवलेलं. मी फोडून त्याच्या नाकाशी धरलं आणि त्याचं तोंड पुसलं. तो मला चिकटला, त्याला काय माहीत. मग ती म्हणाली, 'आक्का, तुमच्यावर राग नव्हता माझा. माझी फक्त एवढीच संधी होती.' मी म्हणाले, 'माझीपण तेवढीच होती.' पुढे पुन्हा गप्प. तिनं मला आक्का म्हटलं हे मी मनात धरून ठेवलं. साठ पानांची याचिका म्हणत होती की मी या गावची कुणी नाही, आणि जिनं ती केली ती मला गावच्या लेकीच्या नात्यानं हाक मारत होती.

सुनावणीत मी नऊ कागद दिले. शाळेच्या रजिस्टरचा उतारा, तलाठ्यांचा रहिवासी दाखला, आधारवरचा बदललेला पत्ता, गॅसच्या पुस्तकावरचा पत्ता, २०२१ पासूनचं बँकेचं पासबुक, संजय गांधी निराधार योजनेचा मंजुरी आदेश याच गावच्या पत्त्यावरचा, आरोग्य उपकेंद्रातली माझ्या दुसऱ्या डोसची नोंद, शेजारच्या तिघांचे जबाब, आणि सासूबाईंचं पत्र. हो, त्यांनी शेवटी दिलं. दिरानं लिहून काढलं आणि त्यांनी अंगठा केला: सून २०२१ पासून माहेरी राहते, तिचं नाव आम्ही कमी केलं नाही ते मायेपोटी. ते पत्र वाचून अधिकारी बाईंनी चष्मा काढून बाजूला ठेवला आणि थोडा वेळ काही विचारलं नाही. वहिनीलाही त्यांनी पूर्ण बोलू दिलं, अर्ध्यात तोडलं नाही. वीस दिवसांनी चार पानांचा आदेश आला, प्रत्येक हरकतीसमोर कारण लिहिलेला. माझी निवड कायम राहिली. तिनं पुन्हा कोर्टात जायचं नाही असं ठरवलं. तिच्या सासूबाई म्हणाल्या की तिनं तो आदेश दोनदा वाचला आणि ट्रंकेत ठेवला.

फोनवर विचारणाऱ्यांना मी जे सांगते ते इथं लिहिते. जाहिरात निघायची वाट पाहू नका, जिथं राहता तिथला पत्ता आजच कागदांवर आणा, आणि त्यासाठी कुणाची सही अडली असेल तर तसा लेखी अर्ज तहसीलला देऊन त्याची नोंद ठेवा. अर्ज असो की हरकत, आवक क्रमांकाचा शिक्का आपल्या प्रतीवर घेतल्याशिवाय कार्यालयाच्या बाहेर पडू नका. कोर्टात जायचंच असेल तर निवड झालेल्या बाईला प्रतिवादी करा, तिला वगळून तिची निवड रद्द होत नाही, आणि उशीर करू नका. जाहिरातीतली अट चुकीची वाटत असेल तर निवडीच्या आधी बोला, कारण अर्ज करून, यादीत हरून, मग अटच चुकीची होती म्हटलं तर न्यायालय सहसा ऐकत नाही. आणि वकिलासाठी दागिना मोडण्याआधी विधी सेवा समितीत जा.

शासनाकडे माझं एकच मागणं आहे. 'स्थानिक रहिवासी' म्हणजे काय ते बाईच्या आयुष्याकडे पाहून लिहा. विधवा, परित्यक्ता, घर सोडून आलेली, यांचे कागद त्यांच्या मागून दोन-दोन वर्षांनी येतात. जादा गुण द्यायचे विधवा म्हणून, आणि मग अपात्र धरायचं कारण नवरा गेल्यावर ती जिथं राहायला आली तिथलं रेशन कार्ड नाही म्हणून, हे एकाच शासन निर्णयाच्या पोटात राहू देऊ नका.

गुजरात उच्च न्यायालयानं २०२४ मध्ये तिथल्या सेविका-मदतनिसांना कायम कर्मचाऱ्यांसारखं वागवावं असा निकाल दिला, तेव्हा आमच्या बीटच्या ग्रुपवर दोन दिवस दुसरा विषय नव्हता. वकील बाईंना मी फोन केला. त्या म्हणाल्या, अजून बराच रस्ता आहे. असू दे. मी नवा तक्ता लावला आहे.

आता वाडीवरच्या दुसऱ्या अंगणवाडीत मदतनिसाची जागा निघाली आहे. वाडी आमच्याच महसुली गावात येते. परवा दुपारी मुलं गेल्यावर वहिनी आली. पहिल्यांदाच पायरी चढून आत आली आणि सतरंजीवर बसली. पिशवीतून अर्ज काढला, म्हणाली, 'आक्का, एकदा बघता का, काही राहिलं का.' मी एकेक पान पाहिलं. बारावीची गुणपत्रिका, पदवी, एमएस-सीआयटी, लहान कुटुंबाचं प्रतिज्ञापत्र, रेशन कार्ड. सगळं साक्षांकित, नीट लावलेलं. अर्ज सकाळीच कार्यालयात देऊन आली होती. मी तिच्या प्रतीचं पहिलं पान उलटून पाहिलं. शिक्का नव्हता.

तीनची गाडी अजून गेली नव्हती. पोराला माझ्याजवळ ठेव म्हटलं आणि तिला परत पाठवलं.